बिनमुलखाचे झेंडे

आपल्याकडे झेंड्यासोबत जमीन येते. झेंडा रोवायचा तर निदान हातभर माती हवी, अटकेपार लावायचा तर आधी अटक हवं, आणि गडावर निशाण चढलं म्हणायचं तर गड कोणाच्या तरी हातून काढून घेतलेला हवा. देशाला झेंडा असतो, संस्थानाला असे, पक्षाला असतो, देवळाच्या शिखरालाही असतो. प्रत्येकाच्या पायाखाली काही ना काही मालकीचं असतं. ज्याच्या नावावर सातबारा नाही त्याने झेंडा लावायचा कुठे, हा प्रश्न आपल्याला कधी पडला नाही, कारण अशा माणसाने झेंडा मागावा हेच आपल्या हिशेबात नव्हतं.

तरी गेल्या पन्नासेक वर्षांत असे बिनमुलखाचे झेंडे जगभर निघाले. त्यांना सीमा नाही, सैन्य नाही, राष्ट्रगीत नाही. त्यांच्याखाली उभी राहणारी माणसं एकमेकांची शेजारीही नसतात; कोणी कोलकात्याचं, कोणी कोल्हापूरचं, कोणी पार सॅन फ्रान्सिस्कोचं. साम्य एवढंच, की ज्या घरात ती वाढली आणि ज्या कचेरीत राबली तिथे स्वतःची खरी ओळख सांगायची सोय नव्हती. आणि हे झेंडे काढले कोणी? एका शिवणकाम करणाऱ्याने, एका माजी नौसैनिक बाईने आणि एका सतरा वर्षांच्या पोराने. राजेमहाराजांच्या कारभारापेक्षा या मंडळींचा कारभार मला जास्त ओळखीचा वाटतो, कारण त्यात कापड कमी पडतं.

शिवणकाम करणारे ते गिल्बर्ट बेकर. अमेरिकेतल्या कॅन्ससमध्ये १९५१ साली जन्मले, लष्करात नोकरी केली, मग सॅन फ्रान्सिस्कोत येऊन राहिले. मशीन चालवायला स्वतःच शिकले आणि मोर्चेवाल्यांना बॅनर शिवून देऊ लागले. समलिंगी लोकांची खूण म्हणून तोवर गुलाबी त्रिकोण वापरला जाई. तो मूळचा नाझी छळछावण्यांतला, कैद्याच्या कपड्यांवर शिवलेला. खूण त्यांची, पण ठरवलेली छळणाऱ्याने. बेकर आणि त्यांच्या मित्रमंडळींना स्वतः ठरवलेली खूण हवी होती. म्हणून १९७८ च्या जूनमध्ये तीसेक स्वयंसेवकांनी एका सामाजिक केंद्राच्या माळ्यावर कचऱ्याच्या मोठाल्या पिंपांत रंग कालवले आणि सुती कापड बुचकळून काढलं. रंगकामात लिन सेगरब्लोम यांचा हात, शिलाईत जेम्स मॅकनमारा यांचा. रंगवलेलं कापड खळबळायला ही मंडळी भाड्याच्या वॉशिंग मशीनांच्या दुकानात गेली. तिथे रंगाचे कपडे धुवायला मनाई होती. काम उरकल्यावर त्यांनी मशीनमध्ये ब्लीच ओतलं आणि काढता पाय घेतला. पुढच्या गिऱ्हाइकाच्या बनियनी गुलाबी निघू नयेत, एवढीच इच्छा. बेकर यांनीच ही हकिगत पुढे सांगून ठेवली आहे. चळवळींचे इतिहास मी थोडेफार वाचले आहेत. पुढच्या गिऱ्हाइकाच्या बनियनीची काळजी वाहिल्याची नोंद त्यांत क्वचितच आढळते.

२५ जून १९७८ ला फडकलेल्या त्या झेंड्याला आठ पट्टे होते आणि प्रत्येक पट्ट्याला नेमून दिलेला अर्थ होता. भडक गुलाबी लैंगिकतेचा, तांबडा जीवनाचा, नारिंगी जखमा भरून येण्याचा, पिवळा उन्हाचा, हिरवा निसर्गाचा, फिरोजी जादूचा, निळा शांततेचा आणि जांभळा चैतन्याचा. पाच महिन्यांनी, २७ नोव्हेंबरला, हार्वे मिल्क यांचा खून झाला. आपण समलिंगी आहोत हे उघड सांगून निवडून आलेले ते त्या शहराचे लोकप्रतिनिधी होते. शोकाच्या त्या दिवसांत झेंड्याला एकदम मागणी आली. गठ्ठ्याने झेंडे शिवायचे तर गठ्ठ्याने कापड हवं, आणि भडक गुलाबी कापड बाजारात मिळेना. गुलाबी गेला. राहिले सात. पुढच्या वर्षी मार्केट स्ट्रीटच्या दिव्याच्या खांबांवर झेंडा दोन्ही अंगांना निम्मा निम्मा लावायचं ठरलं. सातांचे निम्मे करता येईनात, म्हणून फिरोजी गेला. राहिले सहा, आणि तेच जगभर गेले. थोडक्यात, लैंगिकता गेली कारण दुकानात माल नव्हता, आणि जादू गेली कारण खांबाला दोन बाजू असतात. चिन्हांना अनादिकालापासूनचा अर्थ असतो असं सांगणाऱ्या प्रत्येकाला मी अलीकडे ही गोष्ट ऐकवतो. त्यांना ती आवडत नाही.

नौसैनिक बाई म्हणजे मोनिका हेल्म्स. अमेरिकी नौदलात त्यांनी पाणबुड्यांवर काम केलेलं. ट्रान्सजेंडर लोकांसाठी त्यांनी १९९९ साली झेंडा काढला: आकाशी, गुलाबी, पांढरा, पुन्हा गुलाबी, पुन्हा आकाशी. पुढच्या वर्षी ॲरिझोनातल्या फीनिक्स शहराच्या मोर्चात तो पहिल्यांदा मिरवला. बाळ मुलगा असेल तर आकाशी, मुलगी असेल तर गुलाबी, ही तिकडची रीत. मधला पांढरा हा त्या वाटेवर असणाऱ्यांचा आणि दोन्हीकडे न बसणाऱ्यांचा. या झेंड्याची खरी खुबी त्याच्या मांडणीत आहे. तो उलटा लावताच येत नाही. वरचा पट्टा खाली घ्या, खालचा वर घ्या, झेंडा तोच. आपल्याकडे पंधरा ऑगस्टच्या आदल्या संध्याकाळी शाळेचे पीटीचे सर तिरंग्याची घडी पुन्हा पुन्हा उलगडून बघतात, कारण सकाळी केशरी खाली गेला तर त्यांची बातमी होते. हेल्म्सबाईंच्या झेंड्यापुढे हे सर निवांत झोपले असते. बाईंचा हेतू अर्थात सरांच्या झोपेचा नव्हता. आयुष्यभर 'तुझं काहीतरी चुकतंय' हे ऐकत आलेल्या माणसाच्या हातात, कसंही धरलं तरी बरोबरच ठरेल, असं काहीतरी द्यावं, हा होता.

त्या गुलाबी-आकाशीचंही मजेशीर आहे. मुलींचा गुलाबी हा निसर्गाचा नियम असल्यासारखी खेळण्यांची दुकानं आज सजतात. पण १९१८ साली अमेरिकेतल्या बालवस्त्रांच्या 'अर्नशॉज' नावाच्या व्यापारी मासिकाने नेमका उलटा सल्ला छापला होता. गुलाबी ठसठशीत, म्हणून तो मुलग्यांना शोभतो. निळा नाजूक, म्हणून तो मुलींना. शंभर वर्षांत रंगांनी कूस बदलली आणि तक्रार कोणी केली नाही. आमच्याकडे या भानगडी उशिरा आल्या. आजीच्या जुन्या लुगड्याची मऊ दुपटी नातवालाही चाले, नातीलाही. संक्रांतीच्या बोरन्हाणात तर मुलगा असो की मुलगी, काळं झबलं घालायचं, वर हलव्याचे दागिने. गळ्यात हार, हातात वाकी, डोक्यावर मुकुट घालून पाटावर बसलेल्या मुलग्यांचे फोटो घरोघरी आहेत. ते मुलगे पुढे बँकांत मॅनेजर झाले.

आणि पिवळा? इथे भारत सरकारचे आभार मानले पाहिजेत. गर्भाचं लिंग सांगायला आपल्याकडे १९९४ च्या कायद्याने बंदी आहे. मुलीच जन्माला येऊ द्यायच्या नाहीत, या आपल्या जुन्या पापावरचा तो इलाज. पण त्याचा एक नकळत परिणाम असा, की घरात कोणाला दिवस गेले की विणकाम करणाऱ्या मावशीपुढे पेच पडतो. निळी लोकर घ्यावी की गुलाबी? मावशी धोरणी. ती पिवळी आणते. त्यामुळे या देशात कित्येक बाळांचा पहिला स्वेटर पिवळा असतो, आणि ती जन्माला येईपर्यंत त्यांच्याबद्दल कोणी 'तो' किंवा 'ती' असं खात्रीने बोलत नाही. सगळ्यांनीच नऊ महिने असे काढलेले आहेत. काही जण पुढेही तसेच राहतात, एवढंच.

या राहणाऱ्यांचा, म्हणजे नॉन-बायनरी लोकांचा, झेंडा २०१४ च्या फेब्रुवारीत आला. काय रोवन यांनी तो केला तेव्हा त्यांचं वय सतरा. चार आडवे पट्टे, वरून खाली पिवळा, पांढरा, जांभळा, काळा. पिवळा त्यांचा, ज्यांची ओळख पुरुष-स्त्री या मोजपट्टीच्या पूर्ण बाहेरची. पांढरा अनेक किंवा सगळ्या ओळखी एकदम बाळगणाऱ्यांचा, कारण पांढऱ्या उजेडात सगळे रंग असतात. शाळेतली न्यूटनची तबकडी आठवत असेल त्याला हे पटायला हरकत नाही. जांभळा त्यांचा, ज्यांच्यात गुलाबी आणि निळा मिसळले आहेत किंवा जे त्या दोहोंच्या मधे कुठेतरी आहेत. काळा अशांचा, ज्यांना आपल्याला लिंगभाव आहे असं जाणवतच नाही. त्याआधी २०११ साली मॅरिलिन रॉक्सी यांचा फिकट जांभळा, पांढरा आणि हिरवा असा जेंडरक्वीअर झेंडा निघाला होताच. रोवन यांना तो उतरवायचा नव्हता, त्याच्या शेजारी आपला लावायचा होता. सतराव्या वर्षी एवढा समंजसपणा मी फार कमी ठिकाणी पाहिला आहे, आणि झेंड्यांच्या बाबतीत तर कुठेच नाही. आपल्याकडे शेजारी झेंडा लावला की आधी पोलीस बंदोबस्त लागतो.

मला हे सगळं माहीत असण्याचं कारण म्हणजे माझं एक भाचरू. 'भाचरू' लिहिलं ते लाडाने आणि सोयीनेही. वय पंचविशीचं, नोकरी कॉम्प्युटरची, राहणं आमच्याच सोसायटीत दोन मजले वर. ते स्वतःला नॉन-बायनरी म्हणतं. म्हणजे पुरुष की स्त्री, या प्रश्नाचं त्याच्या मनातलं उत्तर या दोन शब्दांत मावत नाही. प्रेम कोणावर करावं याच्याशी याचा संबंध नाही. ते खातं वेगळं. मी एकदा धीर करून विचारलं, "पण तुला हे कळलं कधी?"

"मामा, तू पुरुष आहेस हे तुला कधी कळलं?"

मी विचार करू लागलो. खरं तर मला ते कधी कळलं नव्हतं. सगळ्यांनी सांगितलं होतं आणि मी हरकत घेतली नव्हती. साठ वर्षं निभावलेल्या गोष्टीचा पुरावा मागितल्यावर माणूस गडबडतो. मी चहा टाकला.

पुढची अडचण मराठीची. हाक मारायची तर तोंडातून 'अरे' येणार नाहीतर 'अगं'. तिसरं अक्षरच नाही. भाचरू म्हणालं, "'ए' म्हण." बोलताना काय म्हणायचं? मी 'ते' सुचवलं.

"'ते आलं' म्हणालास तर दारात पार्सल आल्यासारखं वाटतं."

"मग 'ते आले'?"

"ते चालेल."

"म्हणजे या वयात तुला अहोजाहो करायचं?"

"जावयांना करताच की. त्यांनी तरी काय केलेलं असतं?"

याला माझ्याकडे उत्तर नव्हतं. शेवटी असं ठरलं, की लोकांत अनेकवचन आणि घरात भाचरू. 'भाचरू' म्हटलं की 'आलं', 'गेलं', 'जेवलं' ओघानेच येतं, पण तिथे त्याची तक्रार नाही. बाळ, लेकरू, पिल्लू ही सगळी नपुंसकलिंगीच, आणि त्यांना कोणी पार्सल समजत नाही.

स्वतःबद्दल बोलताना मात्र ते काय करतं याकडे मी कान लावून होतो. 'मी जातो' नाही, 'मी जाते' नाही. 'मला निघायला हवं.' 'मला भूक लागलीय.' 'माझं जेवण झालं.' 'माझ्याकडून राहून गेलं.' मराठीत कर्त्याची खुर्ची सोडली की लिंगही सुटतं, हे त्याने बरोबर हेरलं होतं. सरकारी खात्यांना हे फार पूर्वी साधलं आहे. 'आपणांस कळविण्यात येते', 'निदर्शनास आले आहे', 'उचित कार्यवाही करण्यात यावी.' कळवणारी बाई की बुवा, ताकास तूर नाही. कोल्हापूरकडच्या बायका तर पिढ्यान् पिढ्या 'मी आलो', 'मी जेवलो' म्हणत आल्या आहेत आणि त्यावाचून तिकडची एकही पंगत अडलेली नाही. आणि भविष्यकाळ बघा. मी येईन, तू येशील, तो येईल, ती येईल, ते येईल. झालेल्याचा आणि चाललेल्याचा पाढा वाचताना मराठी आपल्याला पुरुष की स्त्री ते विचारून घेते; व्हायच्या गोष्टींबद्दल मात्र तिचा काही आग्रह नाही.

व्याकरणातून वाट निघते, रांगेतून निघत नाही. मॉलच्या दारात, मेट्रोच्या तपासणीत, नाट्यगृहाच्या मध्यंतरात माणसांचे दोन भाग होतात. मुंबईच्या लोकलमध्ये लेडीज डब्यावर वर्षानुवर्षं पदर घेतलेल्या बाईचं चित्र असायचं. पदर न घेणाऱ्या बायकाही त्याच डब्यात चढत, पण निदान त्यांना चढताना विचार करावा लागत नसे. भाचरू सांगतं, की रांगेपाशी पोचेपर्यंत त्याचा दिवस चांगला चाललेला असतो. कुठल्याही रांगेत उभं राहिलं तरी कोणीतरी वळून बघणार, म्हणून ते बाहेर पडताना पाणी कमी पितं. या एका वाक्यावर मला विनोद सुचला नाही.

अर्जावरचा तिसरा चौकोन आता बऱ्याच ठिकाणी आला आहे. मतदार यादीत 'इतर' अशी सोय २००९ साली झाली. गंमत अशी, की ज्या वर्षी फेब्रुवारीत रोवन पट्टे जुळवत होते, त्याच वर्षी १५ एप्रिलला आपल्या सर्वोच्च न्यायालयाने 'नालसा' खटल्याचा निकाल दिला. आपला लिंगभाव काय हे ज्याचं त्याने सांगायचं, आणि तिसरी ओळख कायद्याला मान्य आहे, असं न्यायमूर्ती राधाकृष्णन आणि न्यायमूर्ती सिक्री यांनी म्हटलं. सतरा वर्षांचं ते पोर आणि हे दोन न्यायमूर्ती यांची गाठ पडायचं काही कारण नव्हतं, पण एकाच मोसमात तिघं जवळपास एकाच जागी पोचले. पुढे ६ सप्टेंबर २०१८ ला, समलिंगी संबंधांना गुन्हा ठरवणाऱ्या कलम ३७७ मधून संमतीने होणारे प्रौढांचे संबंध वगळले गेले. २०१९ साली संसदेने ट्रान्सजेंडर व्यक्तींसाठी कायदा केला, तेव्हा त्याच्या व्याख्येत 'जेंडरक्वीअर' हा विद्यापीठातला शब्द आणि 'जोगता' हा आपल्या सौंदत्तीच्या वाटेवरचा शब्द एकाच वाक्यात येऊन बसले. यल्लम्माचा जग डोक्यावर घेऊन, लुगडं नेसून, कपाळभर भंडारा माखून गावोगाव फिरणाऱ्या जोगत्याला झेंड्याची गरज पडली नव्हती. भंडाराच पुरेसा होता. जोगता आणि माझं कॉम्प्युटरवालं भाचरू एक नव्हेत. एकाला देवीने बोलावलं म्हणून गावाने जागा दिली, दुसऱ्याला कोणीच बोलावलेलं नाही. पण 'इतर'च्या चौकोनात दोघं शेजारी उभे आहेत, आणि चौकोन तसा लहानच आहे.

एका रविवारी भाचऱ्याने आपला चार पट्ट्यांचा झेंडा धुतला आणि गॅलरीत वाळत घातला. खालच्या मजल्यावरच्या काकूंनी मान वर करून विचारलं, "कुठल्या देशाचा रे हा?"

"देशाचा नाही काकू, आमचा आहे."

"आमचा म्हणजे? किती जण आहात?"

"मोजलं नाही अजून कोणी."

काकूंनी थोडा वेळ झेंडा न्याहाळला. "रंग जातो का याचा? खाली माझी साडी आहे."

संध्याकाळी सोसायटीचे सेक्रेटरी मला जिन्यात भेटले. ते सज्जन आहेत, पण त्यांना यादी आवडते. इंद्रधनुष्याचा झेंडा त्यांना ठाऊक होता. तो होता तर मग हा कशाला? आणि भाचरू त्यांना म्हणे अजूनही बरेच सांगत होतं. उभयलिंगी आकर्षण असणाऱ्यांचा १९९८ पासूनचा गुलाबी-जांभळा-निळा. लैंगिक आकर्षण न वाटणाऱ्यांचा २०१० चा. इंटरसेक्स लोकांचा २०१३ चा, पिवळ्यावर जांभळं वर्तुळ. "एक झेंडा पुरत नाही का यांना?" त्यांनी विचारलं. "किती ते झेंडे! लक्षात कोणी ठेवायचे?"

सेक्रेटरी वारकरी घरातले. म्हणून मी त्यांना वारीत नेलं. माउलींच्या रथापुढे सत्तावीस दिंड्या चालतात, मागे तर किती तरी. विठोबा एक, वाट एक, अभंग तेच. तरी प्रत्येक दिंडीला क्रमांक आहे, वीणेकरी आहे, पताका आहे, आणि कोणी कोणाच्या दिंडीत आगंतुक घुसत नाही. देव एक असताना दिंड्या इतक्या कशाला, असं सेक्रेटरींच्या घरात कोणी कधी विचारलेलं नाही. कारण लाखोंच्या गर्दीत पाणी प्यायला बाजूला गेलेल्या म्हातारीला विठोबा शोधायचा नसतो, तो पंढरपुरातच आहे. तिला आपली माणसं शोधायची असतात. ती पताका रस्त्याकडेला उभं राहून बघणाऱ्यांसाठी नसतेच. ती मागे राहिलेल्यासाठी असते.

सेक्रेटरी म्हणाले, "ते वेगळं." मी म्हटलं, "थोडं वेगळं आहे. आपल्या म्हातारीला आपण कुठल्या दिंडीचे हे आधीपासून माहीत असतं. या पोरांना आपली दिंडी आहे हेच पताका दिसल्यावर कळतं."

आपल्या देशातले सुरुवातीचे मोर्चे आठवले तर हे लक्षात येतं. कोलकात्यात २ जुलै १९९९ ला पंधराएक जण चालले. मुंबईचा मोर्चा १६ ऑगस्ट २००८ ला ऑगस्ट क्रांती मैदानावरून निघाला; स्वातंत्र्यदिनाच्या दुसऱ्या दिवशी, उरलेलं स्वातंत्र्य मागायला. तेव्हा ३७७ पुरतं शाबूत होतं. त्या काळच्या मोर्चांत मुखवटे घालून चालणारी मंडळी असत. घरच्यांनी टीव्हीवर पाहिलं तर? साहेबाने पेपरात पाहिलं तर? चेहरा झाकलेला आणि हातातला झेंडा उघडा. एरवी माणसं नाव, चेहरा, घराणं पुढे करतात आणि मनातलं झाकतात. इथे बरोबर उलट होतं. फुटपाथवर बसची वाट बघत उभ्या असलेल्या एखाद्या पोराला त्यातला एकही चेहरा दिसला नसेल, पण आपण एकटे नाही एवढं त्या कापडावरून कळलं असेल. कापडाचं काम तिथेच झालं.

सेक्रेटरींची आणखी एक शंका होती, आणि ती मला रास्त वाटते. या झेंड्यांचा मालक कोण? बदल करायचा तर परवानगी कोणाची? उत्तर असं, की कोणाचीच नाही. बेकर यांनी आपल्या झेंड्यावर व्यापारी हक्क नोंदवायचं नाकारलं. २०१७ साली ते वारले, आणि त्याच वर्षी फिलाडेल्फियाने सहा पट्ट्यांवर काळा आणि तपकिरी असे दोन चढवले, वर्णभेदाची आठवण म्हणून. २०१८ साली डॅनियल क्वेझार यांनी बाजूने बाणासारखा कोन काढला. त्यात हे दोन रंग आणि हेल्म्सबाईंचे तीन बसवले. २०२१ मध्ये व्हॅलेंटिनो व्हेकिएत्ती यांनी त्या कोनात इंटरसेक्सचं वर्तुळ घातलं. यावर त्यांच्यातच भांडणं आहेत. कोणी म्हणतं गर्दी झाली, कोणी म्हणतं मूळ सहांत सगळे होतेच, कोणी म्हणतं आमचा पट्टा राहिला. भांडणांचा आवाज ऐकून मला उलट बरं वाटतं. झेंड्याखाली जमलेले सगळे एका सुरात बोलायला लागले की मी घरी जाऊन दार लावून घेतो. आपल्या राष्ट्रध्वजाला २००२ ची ध्वजसंहिता आहे आणि ती असायलाच हवी. पण यांच्या झेंड्याला संहिता नाही, त्यामुळे तो फार कष्टाळू झाला आहे. मागच्या मोर्चात भाचऱ्याने तो गळ्याशी गाठ मारून पाठीवर सोडला होता. ऊन चढलं तसा डोक्यावर घेतला, दुपारी अंथरून त्यावर चौघं वडापाव खायला बसली, आणि संध्याकाळी कोणा अनोळखी मुलीला रडू फुटलं तेव्हा तिने त्याच्या जांभळ्या पट्ट्याला डोळे पुसले. तिने पांढरा का नाही निवडला, असं मी विचारलं. "मामा, पांढऱ्यावर चटणी होती."

एवढ्या श्रमांनी झेंड्याची कड उसवली. भाचरू स्टेपल मारायच्या बेतात होतं. खालच्या काकूंनी ते पाहिलं आणि त्यांच्यातली शिवणकामाची बाई दुखावली. झेंडा ओढून घेऊन त्या मशीनवर बसल्या. "काठ दुहेरी दुमडला नाही तर एका पावसाळ्यात चिंध्या होतील," त्या म्हणाल्या. मग पायटा थांबवून विचारलं, "वर कुठला?"

"पिवळा."

"का?"

भाचऱ्याने पिवळ्याचा अर्थ सांगितला, मग पांढऱ्याचा, मग जांभळ्याचा, मग काळ्याचा. काकूंनी सगळं ऐकून घेतलं. त्यांना त्यातलं किती पटलं ते सांगता येणार नाही. सुईकडे बघत असलेल्या माणसाच्या चेहऱ्यावरून काही कळत नाही. पिवळ्याच्या कोपऱ्यात त्यांनी बांधायला एक नाडा मात्र न सांगता शिवला आणि झेंडा घडी करून दिला. भाचऱ्याने शिलाई विचारली.

"शिलाई नको," काकू म्हणाल्या. "साडीवर रंग उतरला तर साडी घेईन."